कात्रीने राखलेला इतिहास : एस्फिर शूब

१९१३ साली रशियातील रोमानोव्ह घराण्याच्या सत्तेला तीनशे वर्षे पूर्ण झाली. त्यानिमित्त झार दुसरा निकोलस आपल्या कुटुंबासह शहरोशहरी फिरला. चर्चच्या घंटा वाजल्या, मिरवणुका निघाल्या, लष्कराची संचलने झाली आणि या साऱ्याचे चित्रण करण्यासाठी कॅमेरेही सज्ज होते. राजवैभव प्रजेला दिसावे आणि पुढच्या पिढ्यांच्याही स्मरणात राहावे, हा त्या चित्रणामागचा हेतू होता. मात्र पुढची चारच वर्षे ही राजवट टिकली. मार्च १९१७ मध्ये निकोलसला सिंहासन सोडावे लागले आणि जुलै १९१८ मध्ये त्याची सहकुटुंब हत्या झाली. राजवाडे, दागदागिने, चित्रे, फर्निचर हे सारे सरकारजमा झाले. फिल्मचे डबे मात्र दमट तळघरांत पडून राहिले.

१९२६ साली हे डबे उघडून पाहणारी व्यक्ती होती बत्तीस वर्षांची एक स्त्री. ती इतिहासकार नव्हती, दिग्दर्शक म्हणूनही तिचे नाव कोणाला ठाऊक नव्हते. सरकारी चित्रपट संस्थेत परदेशी चित्रपटांची काटछाट करण्याचे काम ती करीत असे. तिचे नाव एस्फिर शूब. जुन्या, विसरलेल्या, कोणी तरी भलत्याच हेतूने टिपलेल्या चित्रफितींमधून एक अखंड आणि सुसंगत चित्रपट उभा करता येतो, हे शूब यांनी दाखवून दिले. त्यासाठी मुळात त्या चित्रफिती शिल्लक राहायला हव्यात, हेही त्यांनी आपल्या क्षेत्रातील लोकांना पटवण्याचा प्रयत्न केला. रशियन चित्रपटाच्या सुवर्णकाळाची चर्चा निघाली की आयझेनस्टाइन, पुदोव्हकिन, व्हर्टोव्ह ही नावे ओठांवर येतात. शूब यांचे नाव बहुधा तळटीपेत राहते. आज दूरचित्रवाणीवर जुन्या वार्तापटांतील दृश्ये जोडून केलेले ऐतिहासिक कार्यक्रम आपण सहजपणे पाहतो. या प्रकाराला कलाकृतीचे रूप देण्याचे मोठे श्रेय मात्र याच तळटीपेतील बाईंकडे जाते.

शूब यांचा जन्म मार्च १८९४ मध्ये तत्कालीन चेर्निगोव्ह प्रांतातील सुराझ या छोट्या गावी एका ज्यू कुटुंबात झाला. झारशाहीच्या काळात ज्यूंच्या वास्तव्यावर आणि शिक्षणावर अनेक निर्बंध होते. तरीही साहित्याच्या ओढीने ही मुलगी शिक्षणासाठी मॉस्कोला पोहोचली. तेथे त्यांनी रशियन साहित्याचा अभ्यास केला. त्याच काळात त्यांच्यासमोर क्रांती घडली आणि अनेक सुशिक्षित तरुणांप्रमाणे त्याही नव्या व्यवस्थेच्या सांस्कृतिक खात्यात रुजू झाल्या. शिक्षण मंत्रालयाच्या नाट्यविभागात त्यांना काम मिळाले. व्सेवोलोद मेयरहोल्ड हे रंगभूमीवरील क्रांतिकारक दिग्दर्शक आणि व्लादिमीर मायाकोव्हस्की हा कवी यांच्या वर्तुळात त्यांचा वावर सुरू झाला. रचनावादाचा कडवा पुरस्कर्ता अलेक्सेई गान हा त्यांचा जीवनसाथी झाला. कलेने कल्पनेचे मनोरे रचण्यापेक्षा प्रत्यक्ष वस्तू, प्रत्यक्ष काम आणि प्रत्यक्ष घटना यांच्याशी नाते जोडावे, हा त्या वर्तुळाचा आग्रह होता. शूब यांच्या पुढील साऱ्या कामाचे बीज येथे सापडते.

१९२२ मध्ये त्या गोस्किनो या सरकारी चित्रपट संस्थेत दाखल झाल्या. त्या वेळी रशियात चित्रपटासाठी लागणाऱ्या कोऱ्या फिल्मचा भीषण तुटवडा होता. महायुद्ध, यादवी युद्ध आणि परदेशी व्यापाराची कोंडी यांमुळे देशातील चित्रनिर्मिती जवळजवळ थंडावली होती. चित्रपटगृहे मात्र प्रेक्षकांनी भरत. ही गरज भागवण्यासाठी जर्मनी, अमेरिका, फ्रान्स येथील चित्रपट आणले जात. हे चित्रपट जसेच्या तसे दाखवणे नव्या सत्तेला मान्य नव्हते. त्यामुळे ते आधी संकलन कक्षात जात. तेथे दृश्यांचा क्रम बदलला जाई, काही भाग वगळला जाई आणि मूकपटातील दृश्यांमध्ये येणारा लिखित मजकूर नव्याने लिहिला जाई. कथानकातला सज्जन जमीनदार या प्रक्रियेत शोषक ठरू शकत असे आणि सुखान्त कथेचा शेवट शोकान्त होऊ शकत असे. शूब यांच्या वाट्याला हेच काम आले. पुढील काही वर्षांत सुमारे दोनशे परदेशी चित्रपट त्यांच्या कात्रीखालून गेले.

हे काम निष्पाप नव्हते, हे मान्य केले पाहिजे. दुसऱ्याच्या कलाकृतीत त्याच्या संमतीविना फेरफार करणे आणि तेही सत्तेच्या सोयीसाठी, याला आजच्या भाषेत सेन्सॉरशिप म्हणतात. पुढे जुन्या चित्रफिती जपण्यासाठी धडपडलेल्या स्त्रीने आपल्या उमेदवारीत दोनशे चित्रपटांची मोडतोड केली, ही विसंगती शूब यांच्या चरित्रातून वगळता येत नाही. पण याच कामाने त्यांना जे शिकवले, ते त्या काळी कोणत्याही चित्रपट शाळेत मिळाले नसते. एकच चेहरा, तेच हास्य, तीच चाल. शेजारचे दृश्य बदलले की त्यांचा अर्थ पूर्णतः बदलतो. लेव्ह कुलेशॉव्ह हे याच सुमारास आपल्या शिष्यांना हे तत्त्व प्रयोगांद्वारे समजावून देत होते. शूब यांना ते रोजच्या रोज, हजारो मीटर फिल्म हाताळताना उमगत होते.

त्यांच्या संकलन टेबलाशेजारी काही काळ एक तरुण नाट्यदिग्दर्शक येऊन बसत असे. फ्रिट्झ लँग यांचा दोन भागांचा जर्मन चित्रपट ‘डॉ. माबुझे’ रशियन प्रेक्षकांसाठी एकसंध आणि आटोपशीर करायचा होता. १९२४ साली या कामात शूब यांना त्या तरुणाची साथ लाभली. त्याचे नाव सर्गेई आयझेनस्टाइन. पुढच्याच वर्षी त्याचे ‘स्ट्राइक’ आणि ‘बॅटलशिप पोटेमकिन’ हे चित्रपट आले आणि संकलनाची कला म्हणजे काय याची व्याख्याच जगाने नव्याने केली. आयझेनस्टाइन जागतिक कीर्तीच्या शिखरावर गेले. ज्या टेबलावर त्यांनी फिल्म कापण्याचे आणि जोडण्याचे प्राथमिक धडे गिरवले, त्या टेबलाच्या मालकिणीची दखल चित्रपटाच्या इतिहासाने पुष्कळ उशिरा घेतली.

त्या काळी संकलन हे बहुतेक ठिकाणी बायकांचे काम मानले जाई. फिल्मचे तुकडे मोजायचे, वर्गवारी करून टांगून ठेवायचे, डिंकासारख्या द्रवाने सांधायचे, हे शिवणकामासारखे चिकाटीचे आणि निमूटपणे करायचे काम समजले जात असे. झिगा व्हर्टोव्ह यांच्या चित्रपटांचे संकलन त्यांच्या पत्नी येलिझाव्हेता स्विलोव्हा यांनी याच चिकाटीने केले. कात्री चालवणाऱ्या हाताला निर्मात्याचा मान देण्याची प्रथा नव्हती. शूब यांना या प्रथेशी लवकरच झगडावे लागणार होते.

१९२६ मध्ये क्रांतीच्या दहाव्या वर्धापनदिनाचे वेध लागले होते. ‘पोटेमकिन’च्या यशाने रशियन चित्रपटाचा आत्मविश्वास वाढला होता आणि सर्वत्र भव्य चित्रपटांच्या योजना आखल्या जात होत्या. शूब यांच्या मनात वेगळाच विचार होता. ज्या घटना अवघ्या दहा-बारा वर्षांपूर्वी घडल्या, त्यांतील बऱ्याच घटनांचे चित्रण त्याच वेळी झाले होते. मग नटांना झारचे कपडे चढवण्यापेक्षा खुद्द झारलाच पडद्यावर का आणू नये? जुन्या वार्तापटांमधून चित्रपट जोडण्याचे प्रयत्न याआधी झाले नव्हते असे नाही. व्हर्टोव्ह यांनी १९१८ मध्येच क्रांतीच्या पहिल्या वर्धापनदिनानिमित्त असा एक दीर्घ पट सिद्ध केला होता. पण त्याचे तुकडे काळाच्या ओघात विखुरले. तो पुन्हा जुळवून प्रेक्षकांसमोर यायला २०१८ साल उजाडावे लागले. एका चित्रपटाला शंभर वर्षे अज्ञातवास घडावा, यावरून त्या काळातील जपणुकीची अवस्था ध्यानात येईल.

शूब यांच्या प्रस्तावाला वरिष्ठांची संमती सहजासहजी मिळाली नाही. संमती मिळाल्यावर खरा प्रश्न पुढे आला, तो म्हणजे या चित्रफिती आहेत कोठे? त्या काळातील फिल्म नायट्रेटची असे. हा पदार्थ अतिशय ज्वालाग्राही. एकदा पेटला की पाण्यानेही विझत नाही, कारण जळण्यासाठी लागणारा प्राणवायू त्याच्या घडणीतच असतो. आगीपासून बचावला तरी उष्णता आणि दमटपणा यांनी तो सडतो; आधी चित्र पुसट होते, मग फिल्म चिकट होते आणि अखेरीस तिची तपकिरी भुकटी होते. पुण्यात ८ जानेवारी २००३ रोजी फिल्म इन्स्टिट्यूटच्या आवारातील नायट्रेट फिल्मच्या साठ्याला लागलेली आग अनेक वाचकांना आठवत असेल. भारतीय मूकपट आणि आरंभीच्या बोलपटांचा मोठा ठेवा त्या आगीत गेला. क्रांती, दुष्काळ आणि यादवी युद्ध यांतून गेलेल्या रशियात अशा फिल्मचे काय झाले असेल, याची कल्पना करता येते. त्यातच अनेक खासगी चित्रसंस्थांचे मालक देश सोडून निघून गेले होते. कोणत्या डब्यात काय आहे, ते कोणी आणि कधी चित्रित केले, हे सांगायला कोणी उरले नव्हते.

१९२६ मध्ये शूब लेनिनग्राडला गेल्या आणि सुमारे दोन महिने त्यांनी हे डबे उघडण्यात घालवले. काही निगेटिव्ह दमटपणाने खराब झाल्या होत्या. कित्येक रिळांत निरनिराळ्या प्रसंगांचे तुकडे कसेही जोडलेले होते. प्रत्येक तुकडा पाहायचा, त्यातील माणसे आणि ठिकाणे ओळखायची, काळ ठरवायचा आणि नोंद करायची, असा क्रम सुरू झाला. या काळात त्यांनी सुमारे साठ हजार मीटर फिल्म नजरेखालून घातली. मूकपटाच्या गतीने एवढी फिल्म सलग पाहायची तर पन्नासएक तास लागतील. परंतु थांबत, मागे जात, टिपणे काढत पाहायचे असल्याने प्रत्यक्ष कष्ट याच्या कितीतरी पट झाले. त्यातून त्यांनी सुमारे पाच हजार दोनशे मीटर निवडली आणि अंतिम चित्रपटात त्यातील दीड हजार मीटरच घेतली. म्हणजे पाहिलेल्या दर चाळीस मीटरमागे एक मीटर. जेथे दुवे निखळलेले होते, तेथे त्या काळची वृत्तपत्रे, दस्तऐवज आणि वस्तू यांचे नव्याने चित्रण करून त्यांनी जोड दिला.

या शोधात त्यांच्या हाती लागलेला सर्वांत अनपेक्षित ऐवज म्हणजे खुद्द झारच्या खासगी चित्रफिती. निकोलसला कुटुंबाचे चित्रण करून घेण्याची हौस होती आणि त्यासाठी दरबारी छायाचित्रकार नेमलेले होते. एका साम्राज्याचा अधिपती, त्याच्या मुली, सरदार आणि सेनाधिकारी हे सारे कॅमेऱ्यासमोर निर्धास्तपणे वावरताना त्यांत दिसतात. आपल्याला पुढे कोण, कोणत्या नजरेने पाहणार आहे, याची त्यांना पुसटशीही कल्पना नव्हती.

या साऱ्यातून ‘द फॉल ऑफ द रोमानोव्ह डायनॅस्टी’ हा चित्रपट सिद्ध झाला आणि मार्च १९२७ मध्ये, झारशाहीच्या पतनाला दहा वर्षे होत असताना तो प्रदर्शित झाला. चित्रपटाची मांडणी साधी आहे. युद्धापूर्वीचा रशिया, महायुद्धाची होरपळ आणि १९१७ चा उठाव अशा क्रमाने तो पुढे सरकतो. त्यातील एक प्रसंग आजही संकलनाच्या विद्यार्थ्यांना आवर्जून दाखवला जातो. एका जहाजाच्या डेकवर उमराव मंडळी माझुर्का नृत्यात दंग आहेत. नाचून दमलेल्या स्त्रिया चेहऱ्यावरचा घाम टिपतात. लगेच पुढच्या दृश्यात खड्डा खणणारे मजूर दिसतात आणि त्यांच्याही अंगावर घाम आहे. दोन्ही दृश्ये खरी. एकातही एका चौकटीचा फेरफार नाही. पण ती शेजारी येताच राजनिष्ठेने टिपलेले एक चित्र राजवटीवरचे आरोपपत्र होऊन जाते.

येथे एक प्रश्न उपस्थित होतो आणि तो टाळता येत नाही. हा इतिहास म्हणायचा की प्रचार? ते नर्तक आणि ते मजूर एका दिवशी, एका ठिकाणी नव्हते. त्यांच्यातील कार्यकारणभाव शूब यांनी निर्माण केला. नव्या राजवटीला जुनी राजवट जशी दिसायला हवी होती, तशीच ती या चित्रपटात दिसते आणि त्याबद्दल शूब यांच्या मनात किंतु नव्हता. क्रांतीवर त्यांचा विश्वास होता. तथापि त्यांच्या पद्धतीत एक प्रामाणिकपणा होता. त्या दृश्यांचे बारीक तुकडे करीत नसत. मूळ चित्रण शक्य तितका वेळ पडद्यावर राहू देत. त्यामुळे प्रेक्षकाला संकलकाच्या मताशिवायही त्यात बरेच काही पाहता येते : एखाद्या अधिकाऱ्याची ऐट, गर्दीतल्या शेतकऱ्याची कॅमेऱ्याकडे वळलेली गोंधळलेली नजर, रस्त्यांचा चिखल, पोशाखांचा डामडौल. चित्रपटाचा निष्कर्ष ज्यांना मान्य नसेल, त्यांनाही तो पाहताना पुरावा हाती लागतो. तेवढा वेळ शूब यांनी त्यांना दिलेला असतो.

चित्रपट प्रेक्षकांना भावला. पण यशाबरोबर एक अपमानही शूब यांच्या पदरी आला. सोवकिनो या तत्कालीन सरकारी चित्रसंस्थेने त्यांना चित्रपटाच्या कर्त्या म्हणून मान्यता देण्यास नकार दिला. इतरांनी चित्रित केलेले तुकडे जोडणारी व्यक्ती लेखक किंवा दिग्दर्शक कशी असू शकेल, असा हा युक्तिवाद होता. त्यामुळे कर्त्याला मिळणारे मानधनही त्यांना नाकारले गेले. मायाकोव्हस्की यांनी जाहीर चर्चेत या अन्यायावर कडक शब्दांत कोरडे ओढले. वाद वरवर पाहता पैशाचा आणि श्रेयनामावलीचा होता. वस्तुतः त्यामागे अधिक खोल प्रश्न दडलेला होता. संकलक जे करतो ती निर्मिती की निव्वळ जुळणी? साठ हजार मीटरमधून दीड हजार मीटर निवडण्यात जी दृष्टी लागते, तिला नाव द्यायचे की नाही? शूब यांच्या चित्रपटाने हा प्रश्न एवढ्या ठळकपणे उभा केला की चित्रपटविषयक चर्चेला त्याकडे पाठ फिरवणे अवघड झाले.

त्याच वर्षी ऑक्टोबर क्रांतीच्या दशकपूर्तीसाठी त्यांनी ‘द ग्रेट रोड’ हा पुढचा चित्रपट केला. यासाठी त्यांनी परदेशांत गेलेल्या चित्रफितींचाही माग काढला. क्रांतीच्या काळात रशियात येऊन गेलेल्या विदेशी कॅमेरामननी टिपलेली दृश्ये अमेरिकेतून विकत घेतली गेली आणि लेनिन यांची तोवर रशियात न पाहिलेली काही दृश्ये त्यामुळे उपलब्ध झाली. एका देशाचा इतिहास दुसऱ्या देशाच्या कपाटात सापडतो, हा अनुभव पुढे जगभरच्या चित्रपट संग्राहकांना वारंवार आला.

याच निमित्ताने त्यांचे जुने सहकारी आयझेनस्टाइन हे ‘ऑक्टोबर’ हा भव्य चित्रपट करीत होते. त्यांनी हजारो लोकांना घेऊन हिवाळी राजवाड्यावरील हल्ल्याचा प्रसंग पुन्हा उभा केला आणि लेनिन यांच्याशी चेहऱ्याचे साम्य असलेल्या एका माणसाला त्यांच्या भूमिकेत उभे केले. मायाकोव्हस्की आणि त्यांच्या सहकाऱ्यांना हे खटकले. शूब यांनी खऱ्या लेनिनला पडद्यावर आणल्यानंतर नकली लेनिनची गरज काय, असा त्यांचा सवाल होता. पुढे जे घडले ते अधिक बोधप्रद आहे. ‘ऑक्टोबर’मधील राजवाड्यावरील हल्ल्याची दृश्ये इतकी प्रभावी ठरली की नंतर कित्येक पुस्तकांत आणि अनुबोधपटांत ती अस्सल चित्रण म्हणून वापरली गेली. त्याच चित्रपटातून राजकीय वारे फिरताच ट्रॉट्स्की यांची दृश्ये कापावी लागली. इतिहासाची नक्कल मूळ इतिहासाची जागा कशी घेते आणि कात्री इतिहासातून माणूस कसा नाहीसा करते, या दोन्ही गोष्टी त्या एका चित्रपटाच्या वाट्याला आल्या. मूळ चित्रफीत जपण्याचा शूब यांचा आग्रह किती महत्त्वाचा होता, हे यावरून कळते. मूळ शिल्लक असेल तरच नकलेला नक्कल म्हणता येते.

१९२८ हे लिओ टॉलस्टॉय यांचे जन्मशताब्दी वर्ष होते. त्यासाठी शूब यांनी झारच्या काळातील रशिया आणि टॉलस्टॉय यांच्यावर चित्रपट हाती घेतला. टॉलस्टॉय यांच्या ऐंशीव्या वाढदिवशी, १९०८ मध्ये यास्नाया पोल्याना येथे झालेले चित्रण आणि १९१० मधील अंत्ययात्रेचे चित्रण यांसारखी मोजकी दृश्येच उपलब्ध होती. तेवढ्यावर पूर्ण चित्रपट होणे अशक्य होते. शूब यांनी नटाकडून टॉलस्टॉय उभा करण्याऐवजी त्यांच्या भोवतालचा काळ दाखवला. जेथे पुरावा नाही तेथे तो निर्माण करायचा नाही, हे पथ्य त्यांनी येथेही पाळले.

वृत्तचित्रणाच्या क्षेत्रात त्यांची तुलना नेहमी व्हर्टोव्ह यांच्याशी झाली. दोघांनाही रचलेल्या कथेपेक्षा घडलेले वास्तव प्रिय होते. पण व्हर्टोव्ह यांना कॅमेऱ्याच्या आणि संकलनाच्या चमत्कारांचे आकर्षण होते. वेग, लय आणि क्षणार्धात बदलणाऱ्या प्रतिमा यांतून ते नवे जग घडवू पाहत. शूब यांना दृश्याचे दस्तऐवज म्हणून असलेले मूल्य अधिक मोलाचे वाटे. या काळात लिहिलेल्या लेखांतून त्यांनी एक मुद्दा पुनःपुन्हा मांडला. आज सामान्य वाटणारे चित्रण उद्या अमूल्य ठरेल. म्हणून आपल्या काळाचे चित्रण काळजीपूर्वक करावे आणि ते नीट नोंदवून जपून ठेवावे. हा विचार मांडला गेला तेव्हा जगातील प्रमुख चित्रपट संग्रहालये जन्माला यायची होती. न्यू यॉर्कच्या आधुनिक कला संग्रहालयातील चित्रपट विभाग १९३५ चा, पॅरिसची सिनेमाथेक १९३६ ची आणि खुद्द रशियातील बेलिये स्तोल्बी येथील गोस्फिल्मोफोंद १९४८ चे.

तिसाव्या दशकात बोलपट आला आणि शूब यांनी ते आव्हान उत्साहाने स्वीकारले. परदेशी वार्तापटांचा उपयोग करून केलेल्या ‘टुडे’ (१९३०) या चित्रपटानंतर १९३२ मध्ये नीपर नदीवरील प्रचंड धरण आणि देशाचे विद्युतीकरण या विषयावर त्यांनी ध्वनिपट केला. या वेळी त्यांनी नव्याने चित्रण केले. कामगारांचे बोलणे, यंत्रांचे आवाज आणि सभांमधील अडखळती भाषणे त्यांनी घटनास्थळीच ध्वनिमुद्रित केली. मायक्रोफोन आणि दिवे पडद्यावर दिसू देण्यासही त्यांनी हरकत घेतली नाही. स्टुडिओत तयार केलेल्या गुळगुळीत आवाजापेक्षा हा खरखरीत आवाज त्यांना सच्चा वाटला.

मात्र देशातील हवा बदलत चालली होती. मायाकोव्हस्की यांनी एप्रिल १९३० मध्ये स्वतःला संपवले होते. कलेवर सरकारी साच्याची पकड घट्ट होत होती आणि प्रयोगशीलतेकडे संशयाने पाहिले जाऊ लागले होते. स्त्रीजीवनाचा समग्र वेध घेणारा चित्रपट करण्याची शूब यांची योजना कागदावरच राहिली. त्या मॉस्कोच्या चित्रपट विद्यापीठात आयझेनस्टाइन यांच्या वर्गात संकलन शिकवू लागल्या. एकेकाळी त्यांच्या टेबलाशी बसणारा तरुण आता विभागाचा आचार्य होता. १९३९ मध्ये त्यांनी स्पेनमधील यादवी युद्धावर ‘स्पेन’ हा चित्रपट पूर्ण केला. रोमान कारमेन आणि बोरिस माकासेयेव्ह या कॅमेरामननी प्रत्यक्ष रणभूमीवर केलेल्या चित्रणावर तो आधारित होता. पुढील वर्षी पुदोव्हकिन यांच्या साथीने त्यांनी सोव्हिएत चित्रपटाच्या वीस वर्षांचा आढावा घेणारा पट सिद्ध केला. त्याच १९४० च्या फेब्रुवारीत त्यांचे पहिले वरिष्ठ मेयरहोल्ड यांना गोळ्या घालण्यात आल्या. ज्या व्यवस्थेच्या स्वागतासाठी ही पिढी एकत्र आली होती, तिनेच त्यांतील अनेकांना गिळले. शूब यातून वाचल्या, पण मुक्तपणे काम करण्याचे दिवस सरले होते. दुसऱ्या महायुद्धाच्या काळात आणि त्यानंतर त्या सरकारी वार्तापटाच्या संकलनाची जबाबदारी सांभाळत राहिल्या.

अखेरच्या वर्षांत त्यांनी आठवणी लिहिल्या. १९५९ साली त्यांचे पुस्तक प्रकाशित झाले आणि त्याच वर्षी २१ सप्टेंबरला मॉस्को येथे त्यांचे निधन झाले.

जे लेडा या अमेरिकी अभ्यासकाचे नाव येथे घेतले पाहिजे. तिसाव्या दशकात मॉस्कोत शिकलेल्या जे लेडा यांनी १९६४ मध्ये जुन्या चित्रफितींमधून नवे चित्रपट घडवण्याच्या परंपरेवर स्वतंत्र ग्रंथ लिहिला आणि शूब यांना त्या परंपरेत त्यांचे योग्य स्थान मिळवून दिले. तोवर ही परंपरा जगभर पसरली होती. फ्रान्समध्ये निकोल व्हेद्रेस यांनी १९४७ मध्ये जुन्या पॅरिसचे चित्र उभे केले. मिखाईल रोम यांनी १९६५ मध्ये नाझींच्याच चित्रफिती वापरून नाझीवादाची चिरफाड केली. आपल्याकडे ए. के. चेट्टियार यांनी अनेक देशांतून चित्रण गोळा करून १९४० मध्ये महात्मा गांधींवर अनुबोधपट केला, तर विठ्ठलभाई झवेरी यांचा गांधीजींवरील पाच तासांहून मोठा पट १९६८ मध्ये आला. या सर्वांना आधी एकच प्रश्न सोडवावा लागला, जो शूब यांच्यासमोर लेनिनग्राडमध्ये उभा होता : चित्रफिती आहेत कोठे आणि त्या अजून शाबूत आहेत काय?

शूब यांच्या कात्रीने आयुष्यभर दोन्ही प्रकारची कामे केली. तिने परक्यांच्या चित्रपटांचे अर्थ सत्तेच्या सोयीने बदलले आणि तिनेच मातीत जाऊ घातलेला काळ वाचवला. झारच्या चाकरीतील छायाचित्रकाराने राजाचा गौरव म्हणून जे टिपले, ते क्रांतीवर श्रद्धा असलेल्या संकलिकेने राजाविरुद्धचा पुरावा म्हणून वापरले. आज ते राज्य नाही आणि त्याला उलथणारी राजवटही १९९१ मध्ये लयाला गेली. त्या जहाजाच्या डेकवरील नाच आणि ते खड्डे खणणारे मजूर मात्र अजून पाहता येतात आणि त्यांच्याकडे पाहून प्रत्येक पिढीला आपला निष्कर्ष काढता येतो. एका बाईने दोन महिने दमट तळघरांतील डबे उघडले नसते, तर कदाचित निष्कर्ष काढण्याजोगे काही उरलेच नसते.